बिगशेठचा कर्णा

आमच्या घरात इंग्रजीतला एकच शब्द नांदायला आला होता आणि तो म्हणजे ‘बिग’. त्याला घेऊन आले आमचे काका, बाबांचे धाकटे भाऊ. मुंबईत एका मैदानाच्या कॅन्टीनमध्ये ते साहेबलोकांना चहा देत असत. आजोबा गेले, आंब्याच्या कलमांकडे बघायला कुणी उरलं नाही, तेव्हा बाबा गिरणीत राहिले आणि काका गावी परतले. इतर चाकरमानी येताना खारी-बटर आणत, पोरांना टोप्या आणत. काकांनी एक ट्रान्झिस्टर आणला आणि हा शब्द आणला. कॅन्टीनच्या खिडकीतून मॅच बघताना साहेब जे जे बोलत ते काकांनी कानात साठवलं होतं आणि त्यातलं निम्म्याहून अधिक ‘बिग’नंच सुरू होत होतं. बिग हिट, बिग मॅच, बिग शॉट, बिग डे. आमचं गाव जयगडच्या रस्त्याला, आतल्या अंगाला. तिथे ह्या शब्दाला पहिल्या आठवड्यात लोक हसले, दुसऱ्या आठवड्यात वापरायला लागले आणि महिन्याभरात काकांचं नावच बिगशेठ पडलं. काकांना ते फार आवडलं. "इंग्रजी सोपी हाय गो शालू," ते मला सांगत. "आपल्याकडं कुणाला मोठं करायचा तर हार घालाय लागतो, आरती ओवाळाय लागते. त्यांच्याकडं पुढं एक बिग लावला की झाला."

सकाळी आई चुलीपुढे तांदळाच्या भाकऱ्या थापायची, तव्यावर भाकरी फुगली की तिचा एक बारीकसा ‘फुस’ आवाज यायचा आणि त्याच वेळी पडवीतून काकांची कॉमेंट्री सुरू व्हायची. हातात उलटा तांब्या, तोच माईक. "आणि वयनींनी भाकरी परतलेली हाय. मंडळी, बिग भाकरी, बिग भाकरी. तिकडून कोंबडी आत येतेय, वयनींचा बिग शॉट, कोंबडी मैदानाबाहेर." आई खरोखरच फुंकणी फेकून मारायची कोंबडीला. मग म्हणायची, "भावजी, आधी दोन कळश्या पाणी आणा, मग काय ते बिग करा." काका पाणी आणायला जात आणि तांब्या माझ्या हाती येई. मी आईच्या सुक्या बांगड्यांवर बोलायची, गोठ्यातल्या वासरावर बोलायची, दादाच्या आंघोळीवर बोलायची. काजूच्या बियांचा सौदा ठरला की काका म्हणत ‘बिग डील’, आणि शेजारणीनं वाटीभर साखर परत आणून दिली की मीही म्हणायची ‘बिग डील’. आता माझी नात काहीही सांडलं की खांदे उडवून म्हणते, "आजी, नो बिग डील." म्हणजे आमच्याकडे जो शब्द सोन्यासारखा जपून ठेवलेला होता तो आता नाही म्हणण्यासाठीच वापरतात. मला राग येतो, पण तिला काय सांगणार.

भात कापून मळे मोकळे झाले की आमच्याकडे क्रिकेटचे सामने लागत. भाताच्या तीन-चार खाचरांमधल्या मेरा, म्हणजे बांध, खणून सपाट करायच्या, रूळ फिरवायचा आणि मधे चोपून खेळपट्टी करायची. बाहेरच्या मेरेला चेंडू लागला की चार आणि मेरेपलीकडे करवंदीच्या जाळीत गेला की सहा. जाळीत गेलेला चेंडू शोधायला अर्धा गाव उतरायचा. रानडुकरांपासून भात राखायला जो लाकडी माळा बांधलेला असायचा, त्यावर झावळ्या टाकून कॉमेंट्रीची जागा. आंब्याच्या फांदीला दोन कर्णे, एक मळ्याकडे तोंड केलेला आणि एक गावाकडे. हा दुसरा कर्णा आमच्या आईसाठी होता असं मी म्हणते, कारण ती कधी मळ्यात आली नाही. बायका मॅच बघायला जात, करवंदीच्या सावलीत बसत, पण आईला गुरं, चूल, बाग ह्यांतून सवड कुठली. ती घरापुढच्या खळ्यात बसून कर्ण्यातून जे येईल ते ऐकायची. दादा खेळतो कसा हे तिला फक्त कर्ण्यानं सांगितलं तर कळायचं.

आणि इथेच ‘बिग हँड’ची गोष्ट सांगायला हवी, नाहीतर आमचं गाव तुम्हाला कळणार नाही. काका आले त्या पहिल्याच वर्षी बक्षीस-समारंभात ते कर्ण्यावरून म्हणाले, "मंडळी, ह्याला एक बिग हँड!" साहेबलोक असं म्हणतात एवढं त्यांना ठाऊक होतं, त्यावर टाळ्या वाजवायच्या असतात हेही त्यांनी पाहिलं असणार, पण ऐन वेळी डोक्यातून गेलं. लोक एकमेकांकडे बघायला लागले. मग पुढच्या रांगेतले धोंडूआबा उठले आणि त्यांनी उजवा हात, पाचही बोटं फाकवून, होईल तितका उंच केला. मोठा हात मागितला, मोठा हात दिला. पाठोपाठ सगळ्या मळ्यानं हात उंच केले. काका इतके खूश झाले की त्यांनीही केला. तेव्हापासून आमच्या गावात कौतुक करायचं म्हणजे एक हात उंच करायचा. शाळेच्या गॅदरिंगला, लग्नात, सत्काराला, सगळीकडे. परवा गावच्या सामन्यांचं मोबाईलवर थेट प्रक्षेपण चाललं होतं, मुंबईहून आणलेला कॉमेंटेटर सवयीनं ‘बिग हँड’ म्हणाला आणि साठीच्या पुढचे सगळे म्हातारे खुर्च्यांतून हात वर करून उभे. मी इथे रत्नागिरीत, स्वयंपाकघरात, मोबाईल पोळपाटाला टेकवून बघत होते. मीही केला.

आता दादा. दत्ताराम त्याचं नाव, माझ्याहून मोठा, पण अंगानं एवढासा. गावात त्याला लवंगी म्हणत. त्याला सिक्स मारता येत नसे आणि वेगानं चेंडूही टाकता येत नसे. तो मेरेवर उभा राहायचा आणि तिथून चेंडू पलीकडे जाऊ द्यायचा नाही, बस्स. कापलेल्या भाताच्या सडावर गुडघे सोलून घ्यायचा, आडवा पडायचा, उठून फेकायचा. काकांच्या पोतडीत त्याच्यासाठी काहीच नव्हतं. चेंडू करवंदीत गेला की बिग हिट, दांडी उडाली की बिग विकेट, पण चौकार झाला नाही ह्याला काय म्हणायचं? त्यामुळे दादानं अडवलं की काका पाणी प्यायचे. संध्याकाळी जेवताना आई कुळथाचं पिठलं वाढता वाढता म्हणायची, "भावजी, सगळ्या गावाची पोरा येतात तुमच्या कर्ण्यात. माझाच पोर कसा येत नाय?" काका म्हणायचे, "वयनी, त्याचा काम बारीक हाय. कर्ण्याला मोठा लागतो." दादा खाली मान घालून भाकरी मोडत राहायचा.

पुढे एका वर्षी फायनलच्या आदल्या दिवशी बातमी आली की रत्नागिरीच्या एका कंपनीचे साहेब सामना बघायला येणार. कंपनीची स्वतःची टीम होती, तिला मुलं हवी होती आणि टीममध्ये घेतलेल्या मुलाला कंपनीत चिकटवून घेत. कायमची नोकरी, घेऊन जायला-सोडायला कंपनीची बस. आमच्या वाडीतला एकजण तसा लागला होता आणि त्याच्या घराला कौलाऐवजी स्लॅब पडला होता. दादाला गिरणीत ओढायचा बाबांचा विचार होता, पण गिरण्यांचं काही खरं नव्हतं आणि दादाला मुंबईला जायचंच नव्हतं. काकांनी मांडीवर थाप मारली. म्हणाले, "दत्ता, उद्या तुजा नाव मी बिग करतो. साहेब नवखा हाय, त्याला कोण कुटला म्हायती नाय. कर्णा सांगेल तेवडाच त्याला दिसणार." त्या संध्याकाळी घरात अशी काही खुशी होती की आईनं नारळ फोडून खापरोळ्या केल्या.

आणि त्याच खुशीत काका दुसऱ्या दिवशी सकाळी काजूच्या बागेत गेले आणि पिकलेली बोंडं दिसली तशी खात सुटले. मीठ न लावता बोंडं खाल्ली की घसा धरतो, हे आमच्याकडे रांगत्या पोरालाही ठाऊक असतं. बिगशेठ परत आले ते घशाला हात लावून. तोंड उघडलं तर दाराची बिजागरी वाजावी तसा आवाज. आईनं गरम पाणी दिलं, हळद दिली, तूप दिलं, शिव्या दिल्या. काहीही उपयोग झाला नाही. मळ्यातून पोरं हाका मारायला लागली होती. काका डोक्याला हात लावून पडवीत बसले आणि दादा कपडे करून खळ्यात उभा. निळा शर्ट, आईनं इस्त्रीसारखा गादीखाली घालून कडक केलेला. तो माझ्यासमोर आला आणि म्हणाला, "शालू, तू बोल."

मला वाटलं मस्करी करतोय. बाईमाणसानं कर्ण्यावर बोललेलं आमच्या गावात कुणी ऐकलं नव्हतं. आई चुलीपुढून उठून दारात आली. "लोक काय म्हणतील?" दादा म्हणाला, "म्हणूंदेत. तिला बोलता येता. घरात रोज बोलते ना?" आईनं पदरानं माझं तोंड पुसलं आणि म्हणाली, "जा. पण ठसका लागला तर पाणी पी, थांबून." मी शिडीवरून माळ्यावर चढले. खाली खुर्चीवर साहेब बसले होते, पांढरा शर्ट, काळा चष्मा. मी माईक हातात घेतला, तो तांब्यापेक्षा हलका होता. "नमस्कार मंडळी. बिगशेठांचा घसा बसलाय म्हणून आज त्यांची पुतणी बोलतेय." माझाच आवाज आंब्यावरून परत माझ्याकडे आला आणि मी दचकले. पोरांनी शिट्ट्या मारल्या. बायकांत कुणीतरी आईचं नाव घेऊन ओरडलं, "आगो, ही तर सुमनची शालू." मग पहिल्याच षटकात आमच्या बाळ्यानं चेंडू करवंदीत घातला आणि माझ्या तोंडून काकांचं सगळं धो धो बाहेर पडलं, बिग हिट, बिग शॉट, बाळाराम आमचा बिग मॅन, मंडळी, त्याला एक बिग हँड. आणि माझ्या शब्दासरशी सगळ्या मळ्यानं हात वर केला. म्हातारे, पोरं, करवंदीच्या सावलीतल्या बायका, सगळे. तो क्षण मी अजून विसरलेले नाही. लग्नात नाही, पहिल्या मुलाच्या वेळी नाही, तसा आनंद मला त्या माळ्यावर झाला. वाटलं, हे सोडून आता मी दुसरं काहीही करणार नाही.

पाहुण्या गावाची टीम फलंदाजीला आली आणि दादा मेरेवर जाऊन उभा राहिला. पहिलाच फटका त्याच्याकडे गेला. मी सवयीनं बिग म्हणायला तोंड उघडलं आणि थांबले, कारण पुढे काय लावणार? बिग अडवलं? तसं इंग्रजीत काही असलं तर काकांनी शिकवलं नव्हतं. तेवढ्यात दादा पळायला लागला आणि मी जे दिसतंय ते बोलायला लागले. "चेंडू मेरेकडे चाललाय, चार जाणार असं दिसतंय, पण तिकडून निळा शर्ट पळत येतोय, दत्ताराम, बघा, कोपराचं टोक लागलं जमिनीला, त्यानं पाय आडवा घातला, चेंडू थांबला, उठायच्या आधीच फेकला. चाराच्या दोन केल्या त्यानं." साहेबांची मान खेळपट्टीवरून पहिल्यांदाच मेरेकडे वळली. मला ती वळलेली दिसली आणि माझ्या अंगात काय संचारलं कोण जाणे. मी दादाचा पाय कुठे आहे ते सांगायला लागले, तो फलंदाजाच्या खांद्याकडे बघून आधीच दोन पावलं कसा सरकतो ते सांगायला लागले. लोकही मेरेकडे बघायला लागले. गावात इतकी वर्षं हा पोरगा तिथे पळत होता आणि कुणी त्याला पाहिलंच नव्हतं. साहेबांनी शेजारच्याला काहीतरी विचारलं, त्यानं दादाकडे बोट दाखवलं. मी ते बघितलं आणि माझा आवाज आणखी चढला.

सामना शेवटच्या चेंडूवर आला. त्यांना दोन धावा हव्या होत्या. फलंदाजानं चेंडू उचलला, उंच, दादाच्या डाव्या अंगाला, आणि दोघे फलंदाज जीव घेऊन पळत सुटले. मी बोलत होते, श्वास न घेता. "चेंडू वर आहे, दत्ताराम निघालाय, लांब आहे, लांब आहे, अजून लांब आहे, उडी घेतली..." दादा सडावर पालथा पडला, दोनदा लोळला आणि चेंडू हातात धरूनच उठला. तोवर त्यांच्या दोन धावा पुऱ्या झाल्या होत्या. म्हणजे झेल असेल तर आम्ही जिंकलो, नसेल तर ते. पंच होते पलीकडच्या शाळेतले गुरुजी. त्यांच्या आणि दादाच्या मधे आमचा गोलंदाज आला होता. त्यांनी बोट वर केलं. मळा ओरडला. साहेब खुर्चीतून उठून उभे राहिले. आणि मी, माझं बोलणं थांबलेलंच नव्हतं, डोळ्यांना दिसलेलं तसंच्या तसं तोंडातून बाहेर पडत होतं, मी म्हणाले, "झेल नाही, टप्पा पडला. गवताला लागून चेंडू हातात आला."

दोन्ही कर्ण्यांनी ते मळ्याला आणि गावाला सांगितलं. एवढ्या माणसांचा आवाज एकदम बंद होतो तेव्हा कान दुखतात. बाळ्यानं वर बघून मला शिवी दिली, ती मला स्पष्ट ऐकू आली. गुरुजी चालत दादाकडे गेले. "काय रे, टप्पा पडला?" दादानं मान वर करून माळ्याकडे पाहिलं. एवढ्या लांबून त्याचा चेहरा मला दिसत नव्हता, फक्त निळा शर्ट दिसत होता, पुढून सगळा मातीनं भरलेला. त्यानं चेंडू खाली टाकला आणि म्हणाला, "पडला." बक्षीस-समारंभ सुरू व्हायच्या आधीच साहेबांची जीप निघून गेली. त्यांनी कुणाला काही विचारलं नाही आणि कुणाला काही सांगितलं नाही.

घरी गेले तेव्हा काका पडवीत होते. माझ्याकडे बघून त्यांनी घसा खाकरला. "बिग..." म्हणाले आणि पुढचा शब्द त्यांना सापडला नाही. आईनं आम्हाला वाढलं, कुळथाचं पिठलं आणि भात. मग दादाच्या ताटात तूप सोडताना म्हणाली, "आज पयल्यांदा माजा पोर खेळताना बगितल्यासारा वाटला मला. आणि शेवटाला वाटला, देवा, हा कर्णा आत्ताच बंद पडूंदे." दादा जेवून उठला, ताट विसळलं आणि बागेत निघून गेला. तो मला रागावला नाही. रागावला असता तर बरं झालं असतं. तो फक्त माझ्याशी बोलायचा बंद झाला. मी पाणी दिलं तर घ्यायचा, चहा ठेवला तर प्यायचा, पण तोंडातून शब्द नाही. मला त्याचं वाईट वाटत होतं, फार वाईट वाटत होतं, आणि त्याच वेळी कानात तो मळ्याचा आवाज घुमत होता, एका शब्दासरशी वर गेलेले हात दिसत होते आणि पुन्हा कधी माळ्यावर चढायला मिळेल असं मनात येत होतं. भावाची नोकरी गेली आणि मला आनंदच होतोय, ह्या विचारानं मी विहिरीवर एकटीच रडले. पुढे दादाला पोफळीला वीजघरात काम मिळालं, मी एस.टी. स्टँडवर गाड्या पुकारण्यात सगळी नोकरी काढली, आणि आता आम्ही दोघं फोनवर गुडघेदुखीचं बोलतो. पण त्या आठवड्यात ह्यातलं काहीच ठाऊक नव्हतं.

मग एके दिवशी दुपारी खळ्यात तिघेजण आले. ज्या गावाशी आम्ही हरलो त्या गावचा कॅप्टन आणि दोन वडीलधारे. डोक्यावरून फणस आणला होता. आईनं पाणी दिलं, गूळ दिला. त्यांच्याकडे येत्या रविवारपासून सामने होते आणि त्यांना बोलणारं माणूस हवं होतं. काकांचा घसा सुटला होता, ते लगेच सावरून बसले. म्हणाले, "येतो की. त्यात काय." त्या तिघांत जो सगळ्यात म्हातारा होता तो घुटमळला. मग म्हणाला, "बिगशेट, राग मानू नका. तुमचा बिग आमाला पाठ हाय. आमाला ही पोर पायजे. ही बगते ता बोलते. आमच्या गावात आता भांडणच नको, पंच चुकला तरी पोर सांगेल." काकांचा चेहरा पडला, आणि मग, देव त्यांचं भलं करो, त्यांनी सावकाश उजवा हात उंच केला, माझ्याकडे बघत. मला हसावं की रडावं कळेना. आई मात्र कावरीबावरी झाली होती. परक्या गावात, कर्ण्यावर, वयात आलेली पोर. बाबा मुंबईला. काकांनी तर हात केलाच होता, म्हणजे आता हो-नाही म्हणायचं ते दादानं. ती दादाकडे वळली. पाहुणेही वळले. दादा खळ्याच्या कडेला काजूच्या बिया उन्हात पसरत होता आणि त्यानं मान वर केली नव्हती.

दादानं नुसतं "नको" म्हटलं असतं तरी सगळं तिथेच संपलं असतं, आणि म्हणायचा त्याला हक्क होता. त्यानं हातातल्या बिया सारख्या केल्या, हात झटकले आणि पाहुण्यांना म्हणाला, "आणतो तिला मी सायकलवर. आमचीबी टीम हाय ना सामन्याला, मी खेळणार हाय." मग एवढ्या दिवसांत पहिल्यांदा तो माझ्याशी बोलला.

"शालू," तो म्हणाला, "टप्पा पडला तर सांगायचा. पण झेल घेतला तर तोपन तेवड्याच मोठ्यान सांगायचा."